शूलपाणीच्या झाडीत सॅटेलाइट फोन चालेल का?

रामबागवाला, इंदूर
बाबा देवउठनी ग्यारस झाली की ओंकारेश्वरहून पायी नर्मदा परिक्रमेला निघतायत. वय ६८. बडवानीपर्यंत फोन लागेल, पुढे झाडीत रेंज नाही म्हणतात. दुबईचा मेव्हणा थुरायाचा सॅटेलाइट फोन आणून देतो म्हणतोय. आई म्हणते आणूच दे, बाबा म्हणतात मैय्या बघून घेईल. कुणाला अनुभव?

जहाजी, बडोदा
मेव्हण्याला आधी थांबवा. थुराया, इरिडियमसारखे सॅटेलाइट फोन विनापरवाना बाळगणं हाच आपल्याकडे गुन्हा. २००८ च्या मुंबई हल्ल्यात अतिरेक्यांकडे थुराया होता, त्यानंतर तर कस्टमवाले ऐकूनच घेत नाहीत. परदेशी पर्यटकांनाही विमानतळावर अटक झालीये. सरळ वाट म्हणजे दूरसंचार खात्याची परवानगी आणि बीएसएनएलचा इनमारसॅट फोन.

मी रेडिओ ऑफिसर होतो, इनमारसॅट रोजच्या हाताखालचा. उपग्रह विषुववृत्तावर ३५,७८६ किमी उंच. शब्द पलीकडे पोचायला पाव सेकंद जातो, म्हणून नवखी माणसं एकमेकांच्या बोलण्यावर बोलतात. आपल्याकडून तो दक्षिणेला चांगला उंच असतो, तेव्हा सातपुड्याचा फार त्रास नाही. छप्पर आणि दाट झाडं मात्र नडतात. आणि खरी गोची पुढेच आहे. फोन चालू, अँटेना उघडी, वर मोकळं आकाश, तरच तुमचा कॉल त्यांना लागणार. बाबा तो झोळीत टाकून चालणार! आई इकडून लावत बसेल आणि घोर दुप्पट होईल.

रामबागवाला, इंदूर
हे डोक्यातच आलं नव्हतं. मग काका, गार्मिनचं इनरीच? त्यावर नुसते मेसेज जातात ना?

जहाजी, बडोदा
तेही इरिडियमच्या उपग्रहांवरच चालतं. उत्तर तेच.

लष्करची सून, ग्वाल्हेर
आमचे सासरे जाऊन आले. बटणांचा साधा फोन दिला होता, दोन कंपन्यांची सिमं घालून. झाडीत कुठल्या टेकडीवर रेंज लागते हे पाड्यावरच्या पोरांना पक्कं ठाऊक असतं, त्यांनाच विचारायचं. बाबांना सांगा, रेंज मिळाली की आजचा मुक्काम आणि पुढचा मुक्काम एवढंच कळवायचं. तब्येतीच्या गप्पा नकोत, बॅटरी जाते. आणि किती दिवस निरोप आला नाही तर शोधाशोध करायची, ते आईंसमोर बसून आत्ताच ठरवा. आमच्याकडे ते ठरलं नव्हतं, सासूबाईंनी दुसऱ्याच दिवशी दिराला बडवानीला पिटाळलं होतं.