अ‍ॅक्रिंग्टनची पलटण

पहिल्या महायुद्धात इंग्लंडमधल्या अ‍ॅक्रिंग्टन गावची पोरं निव्वळ देशप्रेमापोटी सैन्यात भरती झाली, असं म्हटलं जातं. अ‍ॅक्रिंग्टनबाबत मला हे अपुरं वाटतं. १९१४ च्या उन्हाळ्यात तिथल्या कापडयंत्रांच्या मोठ्या कारखान्यात काम बंद होतं, घरात पगार नव्हता. सैन्यात निदान पगार होता! शेजारी, भाऊ, एकाच खात्यातले कामगार एकाच पलटणीत गेले, आणि घात तिथेच झाला. १ जुलै १९१६ ला फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत, सेर गावासमोर, सुमारे ७०० पैकी ५८४ जण ठार, जखमी किंवा बेपत्ता झाले, बहुतेक पहिल्या अर्ध्या तासात. खरी बातमी दडपली गेली, तेव्हा लोकांनी महापौरांच्या घराला वेढा घातला. बर्नली, चॉर्ली या आसपासच्या गावांचेही तरुण याच पलटणीत होते, त्यांनाही विसरू नये.