प्रति: लार्ज ब्लूसाठी थाइम लावणे

थाइम (एक सुगंधी वनस्पती) भरपूर लावलं की लार्ज ब्लू हे फुलपाखरू टिकेल, हे म्हणणं अपुरं आहे. अळी थाइमच्या फुलांवर जेमतेम तीन आठवडे असते. मग जमिनीवर उतरते, मुंग्या तिला आपलं पिल्लू समजून वारुळात नेतात. पुढचे सुमारे दहा महिने ती त्यांचीच पिल्लं खाऊन वाढते. तीही मिर्मिका सॅब्युलेटी याच जातीच्या मुंग्यांच्या वारुळात; मिर्मिका गटातल्या इतर मुंग्यांकडे बहुतेक अळ्या मरतात. या मुंगीला ऊबदार जमीन लागते, म्हणजे गवत साधारण 3 सेंटिमीटरच्या आत हवं. ब्रिटनमध्ये फुलपाखरं गोळा करणाऱ्या संग्राहकांना अडवायला कुंपणं घातली, चराई थांबली, गवत वाढलं, माती थंडावली. 1979 मध्ये तिथून हे फुलपाखरू संपलं! म्हणून आधी चराई, मुंग्यांची मोजणी, मगच थाइम.