१९७६चा चीन: मुख्य घटना कोणती, माओ की तांगशान?

माळरान
१९७६च्या चीनचा आढावा कुठेही वाचा, क्रम ठरलेला असतो. ८ जानेवारीला पंतप्रधान चाऊ एन-लाय गेले, ६ जुलैला जुने सेनापती चू तेह, ९ सप्टेंबरला माओ. ६ ऑक्टोबरला 'चौकडी'ला, म्हणजे माओंच्या जवळच्या चार जहाल नेत्यांना, अटक. मधे कुठेतरी एक ओळ: २८ जुलै, तांगशान, भूकंप, २,४२,००० मृत. आकडा सरकारी आहे आणि तोही १९७९मध्ये जाहीर झाला.

माझ्या मते त्या वर्षाची मुख्य घटना तांगशान. माओ ८२ वर्षांचे, कधीचे आजारी. जाणार हे सगळ्यांना दिसत होतं. तांगशान मात्र दहा लाख वस्तीचं कोळशाचं शहर, पहाटे ३:४२ला गाढ झोपेत भुईसपाट झालं. फोन बंद, तारा बंद. नेमकं कुठलं गाव पडलंय हे बीजिंगला कळेना. ली युलिन हा खाणकामगार साथीदारांना घेऊन खाणीच्या रुग्णवाहिकेतून निघाला आणि आठच्या सुमारास थेट चुंगनानहायच्या दारात, नेत्यांच्या वास्तव्याच्या ठिकाणी पोचला. तांगशानची हकीकत तिथे पोचली ती अशी, एका कामगाराच्या तोंडून. त्यानंतरही परदेशी मदत नाकारली गेली आणि एप्रिलमध्ये पदांवरून काढलेले नेते डेंग शियाओपिंग यांच्याविरुद्धची मोहीम मदतकार्याला जोडली गेली. हे एका ओळीत कसं मावेल?

सरळरेघ
नाही पटलं. मृतांच्या संख्येवर इतिहास मोजायचा तर १९७६ कशाला, १९५९ ते १९६१चा दुष्काळ घ्या. घटना मोठी ठरते ती पुढे काय बदललं यावर. भूकंपाने सत्ता हलली नाही. माओ गेले आणि महिन्याच्या आत माओंच्या पत्नी च्यांग चिंग यांच्यासकट चौघे कोठडीत. दोन वर्षांत डेंग परत आले आणि चीनची दिशा फिरली. आजच्या चीनचा धागा तिथून निघतो.

आणि राज्ययंत्रणा नुसती बसून होती असंही नाही. एक लाखाहून जास्त सैनिक गेले, यंत्रं पोचेपर्यंत त्यांनी हातांनी ढिगारे उपसले. ऐन उन्हाळ्यात इतकी प्रेतं असूनही मोठी साथ पसरली नाही. जमिनीखाली खाणीत असलेले सुमारे १०,००० कामगार जवळजवळ सगळे जिवंत बाहेर आले. हेही लिहायला हवं होतं.

अनुजा_वाचते
दोघंही वरून खाली बघताय. माझ्यासाठी त्या वर्षाचा दिवस ५ एप्रिल. आदल्या दिवशी चिंगमिंग, म्हणजे पूर्वजांच्या स्मरणाचा सण. चाऊंसाठी लोकांनी तिआनआनमेन चौकातल्या हुतात्मा स्मारकापाशी पुष्पचक्रं रचली, कविता चिकटवल्या. एक जण मोठ्याने वाचतोय, मागचे पुढच्याच्या पाठीवर कागद ठेवून उतरवून घेतायत. सरकारने रातोरात सगळं हलवलं, तशी सकाळी माणसं चिडून उठली. दोन दिवसांनी डेंग यांची पदं काढून घेतली. चौकडीला लोकांचा पाठिंबा नाही हे त्या दिवशी उघड झालं. माओंच्या निधनानंतर अटक इतकी सहज कशी झाली, त्याचं उत्तर इथे आहे.

किल्लारीकर
मी नववीत होतो. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३:५६. आदल्या रात्री गणपती बोळवून गाव उशिरा झोपलं होतं. आमच्याकडे दगड-मातीच्या जाडजूड भिंती, वर माळवद. तेच अंगावर आलं. तांगशानला साध्या विटांच्या इमारती. पहाट तीच, झोप तीच.

सरळरेघ, सत्ता हलली नाही म्हणून घटना लहान, हे मला मान्य होणार नाही. आमचा पहिला तास शेजाऱ्यांनी काढला, सैन्य नंतर आलं. पण नंतर जे जे आलं, जिथून आलं, ते आम्ही घेतलं. ढिगाऱ्याखाली आवाज येत असताना मदत कुठल्या देशाची हे आत अडकलेला माणूस विचारत नाही. हा नकार त्यांच्या वतीने कोणी दिला?

सरळरेघ
किल्लारीकर, तुमच्यापुढे मी वाद घालणार नाही. मदत नाकारणं चूकच होतं. माझा मुद्दा क्रमाचा आहे आणि तो मी सोडत नाही. बाकी, भूकंपाची पूर्वसूचना मिळाली नाही याचं खापर काही जण सरकारवर फोडतात, तसं करू नये. १९७५ला चीनमधल्याच हायचेंगच्या भूकंपाचा अंदाज बरोबर आला, तसा प्रत्येक भूकंपाचा येत नाही.

माळरान
अंदाज येत नाही, कबूल. पण जवळच्याच चिंगलोंगमध्ये स्थानिक अधिकाऱ्यांनी इशारा गंभीरपणे घेतला, लोकांना घराबाहेर झोपायला लावलं. घरं पडली, माणसं वाचली. म्हणून मी तांगशानला नुसती नैसर्गिक आपत्ती म्हणत नाही.

खाणकामगारांचं मी लिहायला हवं होतं, ते बरोबर. अनुजा, ५ एप्रिलही पटलं. तो दिवस मी दुसरा ठेवीन.

चू तेहंबद्दल एक राहिलं. जपानविरुद्धच्या युद्धात नेहरूंकडे डॉक्टर मागितले ते यांनीच. त्या पथकातून सोलापूरचे द्वारकानाथ कोटणीस गेले, १९४२मध्ये तिथेच वारले. त्यांची समाधी शिचियाच्वांगला आहे. भूकंपाने चार हजारांवर मुलं पोरकी झाली, त्यातली कित्येक शिचियाच्वांगच्याच एका शाळेत वाढली. डॉक्टर मागायला न लाजलेला तो सेनापती ६ जुलैला गेला. बावीस दिवसांनी तांगशान पडलं तेव्हा बाहेरच्या एकाही डॉक्टरला येऊ दिलं नाही.