लैंगिक शिक्षणाची मालिका दूरदर्शनवर टिकेल का?

वर्गशिक्षिका: आठवी-नववीच्या वर्गांत मी प्रश्नपेटी ठेवली आहे; मुले नाव न घालता चिठ्ठ्या टाकतात. ‘स्वप्नदोषाने अशक्तपणा येतो का?’ ही चिठ्ठी हमखास निघते. स्थानिक केबलवर रात्री लागणाऱ्या गुप्तरोगाच्या जाहिरातींनी ही भीती मुलांच्या मनात घातलेली आहे. त्या जाहिरातींना पैसे मोजून वेळ मिळतो, तर शास्त्रीय माहितीची मालिका दूरदर्शनने सातत्याने का दाखवू नये? की खासगी वाहिन्यांपुढे तिचा निभाव लागणार नाही?

जुना प्रेक्षक: निभाव लागतो, पण गोष्ट रंगली तरच. १९८४ साली ‘हम लोग’ कुटुंबनियोजनाच्या प्रचारासाठी सुरू झाली. आरंभी उपदेश फार झाला आणि प्रेक्षक नाराज झाले, तेव्हा तो सौम्य करून कौटुंबिक कथेला वाव दिला गेला. मग भागाच्या शेवटी अशोक कुमार काय सांगतात, तेही लोक मन लावून ऐकू लागले. त्या काळी खासगी वाहिन्या नव्हत्या, हे खरे. मात्र खासगी वाहिन्या घरोघरी पोहोचल्यानंतर, २००२ साली आलेल्या ‘जासूस विजय’ने हेरकथेच्या ओघात एचआयव्हीची माहिती दिली आणि प्रेक्षकही मिळवले.

माध्यम-अभ्यासक: माझ्या मते स्पर्धेपेक्षा आक्षेपाची धास्ती मोठी आहे. २००७ साली महाराष्ट्रात शाळांमधील किशोरवयीन शिक्षणाचा कार्यक्रम थांबवला गेला. डिसेंबर २०१७ मध्ये निरोधच्या जाहिराती सकाळी सहा ते रात्री दहा दाखवू नयेत, अशी सूचना केंद्राने वाहिन्यांना दिली. खासगी वाहिन्यांनी रोज अर्धा तास लोकोपयोगी कार्यक्रम दाखवावेत, असे २०२२ची मार्गदर्शक तत्त्वे सांगतात आणि त्यांत आरोग्य व कुटुंबकल्याण हा विषयही आहे, परंतु विषयाची निवड वाहिनीकडेच असल्याने अवघड विषय टाळायला कोणाचीच आडकाठी नाही. म्हणूनच ही जबाबदारी दूरदर्शनने स्वतःहून उचलली पाहिजे, आणि तिचे मोल टीआरपीवर ठरवू नये.

आरोग्यसेविका: ताई, नुसती मालिका पुरणार नाही, शंका विचारायला जागा हवी. र. धों. कर्वे १९२७ पासून ‘समाजस्वास्थ्य’मध्ये वाचकांच्या अशाच शंकांना उत्तरे छापत असत. सह्याद्री वाहिनीने संध्याकाळी आठवड्यातून एकदा डॉक्टरांना बसवावे आणि नाव न विचारता फोन घ्यावेत. आपल्या पेटीतल्या चिठ्ठ्या त्यांना पाठवता येतील का?

वर्गशिक्षिका: अक्षरावरून मूल ओळखू येते, म्हणून चिठ्ठ्या स्वतः उतरवून काढते आणि मुख्याध्यापकांच्या पत्रासह वाहिनीला पाठवते.