पर्थचं जांभळं गवतफूल ठाण्याच्या बाल्कनीत जगेल का?

बाल्कनीवाली_ठाणे:
लेकीकडे पर्थला आलेय. सप्टेंबर म्हणजे इथला वसंत, किंग्ज पार्कात नुसती फुलंच फुलं. त्यातलं एक काही डोक्यातून जात नाही. फूल नसेल तर कुणीही गवताचा ठोंब समजून पुढे जाईल: गुडघाभर उंच, ताठ, चिवट पाती. मधून सरळ दांडे आणि टोकाला तीन पाकळ्यांचं जांभळं फूल, टिश्यूपेपरसारखं पातळ. सकाळी फिरायला गेलो तेव्हा टवटवीत, दुपारी जेवून परत गेलो तर चुरगळलेलं. दुसऱ्या दिवशी त्याच दांड्यावर नवं हजर! पाटीवर पॅटरसोनिया ऑक्सिडेंटॅलिस लिहिलंय. जावई म्हणाले, इकडे पर्पल फ्लॅग म्हणतात.

आमचं घर घोडबंदर रोडला, बाराव्या मजल्यावर, बाल्कनी पश्चिमेला. दुपारनंतर कडक ऊन, पावसाळ्यात झड थेट आत. बिया आणल्या तर रुजतील? शेणखत आणि कोकोपीट चालेल का? (आमचे हे म्हणतात, आधी आहे त्या जास्वंदीवरचा मावा काढ.)

ऐरोलीचा_कुंडीवाला:
ताई, बिया बॅगेत टाकून आणू नका. 2003 च्या प्लांट क्वारंटाइन ऑर्डरप्रमाणे आयात परवाना लागतो, वर तिकडच्या सरकारचा फायटोसॅनिटरी दाखला, म्हणजे बियांना कीड-रोग नसल्याचा. चार बियांसाठी कोण एवढा खटाटोप करणार?

आणि समजा रीतसर आणल्या, तरी आपली हवा तिला मानवायची नाही. पर्थला वर्षाकाठी सातेकशे मिलिमीटर पाऊस, तोही मुख्यतः मे ते सप्टेंबर, म्हणजे तिथल्या थंडीत. उन्हाळा कोरडा ठाक. आपल्याकडे तेवढा एकटा जुलै पाडतो, तोही दमट उकाड्यात. मुळं कुजून जातील. शेणखताचं तर नावच काढू नका. तिथली माती म्हणजे निकस वाळू, फॉस्फरस जेमतेम. अशा मातीला सरावलेल्या तिकडच्या कितीतरी झाडांना आपलं नेहमीचं खत बाधतं.

रुजवण्याची तऱ्हाही वेगळी. त्या झुडपी रानात वणवे लागतात आणि तिथल्या अनेक बिया धूर लागला की जाग्या होतात. धुरातलं ते रसायन, कॅरिकिन, 2004 मध्ये पर्थच्याच शास्त्रज्ञांनी शोधून काढलं, त्यात किंग्ज पार्कचेही होते. आता तिथले माळी धूर मुरवलेलं पाणी वापरतात. तुम्ही बाल्कनीत धूर करून बघा, बी उगवायच्या आधी सोसायटीचा सेक्रेटरी उगवेल.

तिथे आहात तर एक बघून घ्या. त्या तीन जांभळ्या पाकळ्या खरं तर बाहेरची निदलं आहेत. खऱ्या पाकळ्या आत इवल्याशा असतात, वाकून बघितल्याशिवाय दिसत नाहीत.

येऊरचा_भटक्या:
एवढ्या लांबचं कशाला? पुढच्या जूनला, पहिल्या पावसानंतर येऊरला या. काळी मुसळी दाखवतो. लांबट, चुण्या पडलेली पाती आणि अगदी जमिनीलगत सहा पाकळ्यांचं पिवळंधमक फूल. पाती बाजूला सारली तरच सापडतं, लोक त्यावर पाय देऊन जातात. सफेद मुसळीचं तर शास्त्रीय नावच डोंगरापलीकडच्या बोरिवलीवरून पडलंय, क्लोरोफायटम बोरिविलिअ‍ॅनम. तिच्याच भाऊबंदांची कोवळी पानं फोडशी म्हणून बाजारात येतात, आदिवासी बायका वाटे लावून बसतात. उपटून मात्र काही आणायचं नाही, राष्ट्रीय उद्यान आहे ते.

बाल्कनीवाली_ठाणे:
फोडशी दर पावसाळ्यात करते, बेसन पेरून. तिचं फूल कधी बघितलं नव्हतं, येऊरला नक्की येते. आणि आत्ताच जाऊन आले हो, आतल्या पाकळ्या दिसल्या! पण कुंडीत काहीतरी हवंच आहे. एका दिवसाचं फूल असलं तरी चालेल, उलट तेच आवडलंय.

ऐरोलीचा_कुंडीवाला:
मग वॉकिंग आयरिस घ्या. तुमच्या जांभळ्या फुलाच्याच कुळातली, मूळची ब्राझीलकडची. नर्सरीत निओमारिका म्हणून विचारा. तलवारीच्या आकाराची पानं, पांढरं-जांभळं फूल, तेही एकाच दिवसाचं. फूल गेलं की दांड्याच्या टोकाला पिल्लू धरतं आणि वजनाने दांडा खाली वाकतो. शेजारी मातीची कुंडी ठेवून त्यात ते टेकवा, मुळं धरली की दांडा कापा. पश्चिमेचं ऊन तिला करपवेल, म्हणून ग्रीलला लावू नका, मोठ्या कुंडीच्या आडोशाला आत ठेवा. शेणखत खुशाल घाला, फक्त झडीच्या दिवसांत कुंडीखालची ताटली काढून ठेवा.