प्रतिसाद: राज्याभिषेकाची रचना
काल्पनिक राज्यातल्या राज्याभिषेकाच्या संगीतरचनेत अजून नगारे आणि कोरस घाला, असं वर सुचवलंय. मला नाही पटत. आधी त्या जगात कुठली वाद्यं बनू शकतात ते ठरवा. व्हॉल्व्ह (सूर बदलायच्या कळा) नसलेल्या तुतारीतून हवे ते सूर निघतच नाहीत. खाली षड्ज, पंचम, वरचा षड्ज असे लांबलांबचे मिळतात, सलग सूर लागतात ते पार वर गेल्यावर. आपल्या खऱ्या जगातसुद्धा व्हॉल्व्हचं पेटंट १८१८ सालचं. म्हणजे तलवारी-किल्ल्यांच्या जगातली तुतारीची ललकारी उड्या मारतच जाणार, आणि तीच खरी वाटते. (सिंथेसायझरवरची गुळगुळीत तान लगेच उघडी पडते.)

दगडी सभागृहात सूर घुमत राहतो, तिथे द्रुत लय घेतली की नुसता काला.

आणि कोरस सुरुवातीलाच कशाला? संगीतकार हँडेलने १७२७ मध्ये इंग्लंडचा राजा दुसऱ्या जॉर्जच्या राज्याभिषेकासाठी 'झॅडॉक द प्रीस्ट' हे समूहगीत रचलं. त्यात व्हायोलिनं बराच वेळ नुसती तंगवत ठेवतात आणि मग गायकवृंद एकदम अंगावर येतो. तुम्हीही कोरस मुकुट डोक्यावर टेकण्याच्या क्षणासाठी राखून ठेवा. शब्द कुठल्या बनवलेल्या भाषेत घ्यायचे, हे नंतर बघता येईल.