‘रूम टोन’ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न: माहितीपटातल्या ध्वनीवर मराठीत टिपण लिहितोय. ध्वनिमुद्रण, ध्वनिमिश्रण इथवर ठीक. ‘साउंड डिझाइन’ला (चित्रपटातल्या सगळ्या आवाजांची आखणी) ‘ध्वनिसंयोजन’ म्हणावं की ‘ध्वनिआरेखन’? आणि ‘रूम टोन’ला नुसतं ‘शांतता’ चालेल का?

– शांतता अजिबात नको, अर्थ उलटा होतो. मुलाखत संपल्यावर ध्वनिमुद्रक सगळ्यांना अर्धा-एक मिनिट गप्प बसवतो आणि माइक सुरूच ठेवतो, तेव्हा मुद्रित होतो तो रूम टोन. पंख्याची घरघर, दूरची रहदारी, भिंतींवरून परतणारा बारीक आवाज, हे सगळं त्यात येतं. संकलनात बोलणाऱ्याचा एखादा ‘अं’ कापला की तिथे ठार पोकळी उरते आणि कानाला ती लगेच खटकते. ती या तुकड्यानं बुजवतात. म्हणून माणसंही जागची हलू द्यायची नसतात. अंग आणि कपडे आवाज शोषतात, खोली रिकामी झाली की तिचा आवाज बदलतो. मी ‘खोलीची गाज’ म्हणेन.

– गाज समुद्राची! खोलीला फार मोठा शब्द झाला. शिवाय रूम टोन मोकळ्या मैदानावरही घेतात, तिथे खोली कुठून आणणार? ‘जागेचा आवाज’ म्हणा. ‘ॲम्बियन्स’ (आसपासच्या परिसराचे आवाज) मात्र वेगळा ठेवा. त्यात पाखरं, हॉर्न, हाकाटी असलेली चालते, हवीच असते. रूम टोनमध्ये कुत्रं एकदा जरी भुंकलं तरी तो तुकडा पुन्हा पुन्हा जोडता येत नाही, दर फेरीला तेच कुत्रं भुंकणार.

– साउंड डिझाइनबद्दल. १९७९ च्या ‘अपोकॅलिप्स नाऊ’ या अमेरिकन चित्रपटात ध्वनीचं काम करणाऱ्या वॉल्टर मर्च यांचं श्रेय ‘साउंड माँटाज आणि डिझाइन’ असं आहे. म्हणजे जोडणी आणि रचना दोन्ही. ‘आरेखन’ म्हटलं की कागद-पेन्सिल डोळ्यांपुढे येते, आणि ‘संयोजन’ गाण्याच्या वाद्यमेळाकडे ओढतं. माझं मत ‘ध्वनिरचना’. माहितीपटवाल्यांना यातली ‘रचना’ बोचते, कारण रचलेलं म्हणजे खोटं, असा वास येतो. पण लांब भिंगानं टिपलेल्या हरणापाशी माइक नसतोच. त्याची पावलं, गवताची खसखस बहुतेक वेळा स्टुडिओत कुणीतरी हातानं केलेली असते. याला फॉली म्हणतात. हॉलिवूडमध्ये असे आवाज करणाऱ्या जॅक फॉली यांचं नाव आहे ते, भाषांतराच्या फंदात पडू नका.

नामांपेक्षा क्रियापदं वापरा, असं सुचवेन. आवाज ‘घेतलेला’ (चित्रीकरणासोबतचा), ‘भरलेला’ (संग्रहातून आणलेला) आणि ‘बनवलेला’ (फॉली). कुठला आवाज कुठून आला, हे वाचकाला आपोआप कळतं.

प्रश्नकर्ता: हे आवडलं. ‘ध्वनिरचना’ घेतो, ‘जागेचा आवाज’ही. मग ‘वाइल्ड ट्रॅक’? तोही घेतलेलाच, पण कॅमेरा बंद असताना.

– ‘सुटा आवाज’.